मैदान, नियम आणि महाविद्यालय : अमेरिकन फुटबॉलचा १९०५ चा हंगाम व हुतूतूचे नियमन – एक तौलनिक अभ्यास

प्रस्तावना

महाविद्यालयाच्या वार्षिकांकात क्रीडा विभागाचा अहवाल साधारणतः शेवटच्या पानांवर असतो. कोणत्या संघाने कोणते सामने जिंकले, कोणाची विद्यापीठ संघात निवड झाली आणि किती चषक मिळाले, एवढाच त्याचा आशय असतो. खेळाचा इतिहास म्हणजे विजयांची नोंद, हा समज या अहवालांनी दृढ केला आहे. वस्तुतः खेळाच्या इतिहासात विजयापेक्षा महत्त्वाचा असा एक प्रश्न दडलेला असतो. महाविद्यालयाच्या नावाने मैदानात उतरणाऱ्या विद्यार्थ्याच्या शरीराचे उत्तरदायित्व कोणाचे, हा तो प्रश्न होय.

हा प्रश्न ज्या हंगामात सर्वाधिक तीव्रतेने विचारला गेला, तो हंगाम अमेरिकेतील महाविद्यालयीन फुटबॉलचा १९०५ चा हंगाम होता. त्या वर्षीच्या मृत्यूंमुळे खेळ बंद करावा की बदलावा, यावर तेथील प्राचार्य, प्राध्यापक आणि कुलपती यांच्यात वाद झाला व त्यातून अमेरिकन फुटबॉलला आजचे रूप देणारे नियम जन्माला आले. याच कालखंडाच्या पुढेमागे महाराष्ट्रात हुतूतूसारख्या देशी खेळाला लिखित नियमांच्या चौकटीत बसविण्याचे प्रयत्न सुरू झाले होते. दोन्ही खेळ झटापटीचे, दोन्हींत शरीराला शरीर भिडते आणि दोन्हींचा पुढील विस्तार शिक्षणसंस्थांच्या आश्रयाने झाला. तथापि नियम कोणी केले आणि कोणत्या कारणासाठी केले, याबाबत दोहोंत मूलभूत अंतर आहे. ते अंतर स्पष्ट करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

या अभ्यासाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत :

१) १९०५ च्या हंगामातील संकटाची कारणे खेळाच्या नियमांत कशी होती, हे तपासणे.
२) त्या संकटात महाविद्यालयांनी बजावलेल्या भूमिकेचा आढावा घेणे.
३) महाराष्ट्रातील हुतूतू-कबड्डीच्या नियमनाशी त्या प्रक्रियेची तुलना करणे.
४) या तुलनेतून आजच्या महाविद्यालयीन क्रीडाव्यवस्थेसाठी निघणारा बोध मांडणे.

नियमातून निर्माण झालेली हिंसा

६ नोव्हेंबर १८६९ रोजी न्यू जर्सीतील न्यू ब्रुन्स्विक येथे रटगर्स आणि प्रिन्स्टन या दोन महाविद्यालयांत झालेला सामना हा अमेरिकेतील पहिला आंतरमहाविद्यालयीन फुटबॉल सामना मानला जातो. प्रत्येक बाजूला २५ खेळाडू होते आणि रटगर्सने तो ६-४ असा जिंकला. परंतु हा खेळ आजच्या सॉकरच्या जवळचा होता. चेंडू हातात घेऊन धावण्याचा रग्बी पद्धतीचा खेळ अमेरिकन महाविद्यालयांत रुजला तो १८७४ मध्ये हार्वर्ड आणि कॅनडातील मॅकगिल विद्यापीठ यांच्यात झालेल्या सामन्यांनंतर.

या रग्बीचे अमेरिकन फुटबॉलमध्ये रूपांतर करण्याचे श्रेय येल विद्यापीठाच्या वॉल्टर कॅम्प यांना दिले जाते. त्यांच्या पुढाकाराने १८८० मध्ये खेळाडूंची संख्या प्रत्येकी ११ झाली. चेंडूसाठी होणाऱ्या रग्बीतील गर्दीऐवजी दोन संघांनी समोरासमोर रांगा करून उभे राहण्याची पद्धत आली आणि चेंडू कोणत्या संघाकडे आहे हे निश्चित झाले. यातून एक नवी अडचण उद्भवली. चेंडू ताब्यात असलेला संघ तो धरून बसू लागला आणि खेळ रेंगाळू लागला. त्यावर उपाय म्हणून १८८२ मध्ये नियम करण्यात आला की, तीन प्रयत्नांत किमान पाच यार्ड पुढे न सरकल्यास चेंडू प्रतिपक्षाला द्यावा.

हा नियम वरवर निरुपद्रवी वाटतो. परंतु पुढील पंचवीस वर्षांच्या हिंसेचे बीज त्यातच होते. तीन प्रयत्नांत पाच यार्ड म्हणजे प्रत्येक प्रयत्नात दोन यार्डांपेक्षाही कमी अंतर. एवढे अंतर कापण्यासाठी वेग किंवा चातुर्य लागत नाही, वजन आणि रेटा पुरतो. चेंडू पुढच्या दिशेने फेकण्यास बंदी असल्यामुळे बचाव करणाऱ्या संघालाही मैदानभर पसरण्याचे कारण नव्हते. परिणामी बावीस तरुण एका अरुंद पट्ट्यात एकवटत आणि एकमेकांवर आदळत. चेंडू घेतलेल्या खेळाडूला त्याचेच साथीदार मागून ढकलत, पुढून ओढत. १८९२ मध्ये हार्वर्डने येलविरुद्ध वापरलेली पाचरीच्या आकाराची धावती व्यूहरचना ही या डावपेचाची परिसीमा होती. ती १८९४ मध्ये नियमबाह्य ठरविण्यात आली, मात्र समूहाने रेटण्याची मूळ पद्धत तशीच राहिली. डोक्याचे संरक्षण करणारी टोपी त्या काळी सक्तीची नव्हती आणि पुष्कळ खेळाडू ती न घालताच खेळत.

याचा अर्थ असा की, मैदानावरील क्रौर्य हे केवळ खेळाडूंच्या स्वभावातून आलेले नव्हते. ज्या नियमाने खेळाला गती द्यावयाची होती, त्याच नियमाने त्याला कोंडीत पकडले होते.

जॉर्जियातील पूर्वसूचना

१९०५ पूर्वीही इशारे मिळाले होते. ३० ऑक्टोबर १८९७ रोजी अटलांटा येथे जॉर्जिया आणि व्हर्जिनिया या विद्यापीठांत झालेल्या सामन्यात जॉर्जियाचा खेळाडू रिचर्ड व्हॉन गॅमन याच्या डोक्याला गंभीर दुखापत झाली आणि दुसऱ्या दिवशी पहाटे त्याचा मृत्यू झाला. जॉर्जियाच्या विधिमंडळाने तातडीने फुटबॉलवर बंदी घालणारे विधेयक संमत केले. राज्यपालांची स्वाक्षरी तेवढी उरली होती.

त्या वेळी मृत मुलाच्या आईने, रोझालिंड गॅमन यांनी, आपल्या मुलाचा मृत्यू हे त्याला प्रिय असलेला खेळ बंद करण्याचे निमित्त होऊ नये, अशी लेखी विनंती केली. राज्यपाल विल्यम ॲटकिन्सन यांनी विधेयकावर स्वाक्षरी करण्याचे नाकारले व खेळ वाचला.

ही घटना अमेरिकेतील क्रीडा-इतिहासात मातेच्या औदार्याची कथा म्हणून सांगितली जाते. इतिहासाच्या अभ्यासकाला मात्र तिच्यात दुसरेही काही दिसते. खेळ वाचला, परंतु तो खेळ ज्या नियमाने चालत होता तो नियमही त्याच्याबरोबर वाचला. आईच्या क्षमेमुळे संस्थेला आत्मपरीक्षण टाळता आले. बंदी की मोकळीक, या दोनच पर्यायांत चर्चा अडकली आणि नियमबदलाचा तिसरा पर्याय मागे पडला. तो पुढे येण्यास आणखी आठ वर्षे आणि अनेक मृत्यू लागले.

१९०५ चा हंगाम

१९०५ च्या उन्हाळ्यात 'मॅक्ल्युअर्स' मासिकात हेन्री बीच नीडहॅम यांचे महाविद्यालयीन खेळांतील गैरप्रकारांवरील लेख प्रसिद्ध झाले. प्रतिपक्षाच्या चांगल्या खेळाडूला हेतुतः जायबंदी करणे, खेळाडूंना पैशांचे आमिष दाखविणे आणि विद्यार्थी नसलेल्यांना विद्यार्थी म्हणून खेळविणे, असे आरोप त्यांत होते. ग्रोटन शाळेचे मुख्याध्यापक एंडिकॉट पीबॉडी यांच्या आग्रहावरून राष्ट्राध्यक्ष थिओडोर रुझवेल्ट यांनी या प्रश्नात लक्ष घातले. ९ ऑक्टोबर १९०५ रोजी त्यांनी हार्वर्ड, येल व प्रिन्स्टन यांच्या प्रतिनिधींना व्हाइट हाउसमध्ये पाचारण केले. नियमांचे पालन अक्षरशः आणि त्यांच्या आशयानुसार करण्याचे आश्वासन या प्रतिनिधींनी दिले. रुझवेल्ट हे स्वतः मर्दानी खेळांचे पुरस्कर्ते होते. त्यांना खेळ बंद करावयाचा नव्हता, सुधारावयाचा होता. त्यांचा मुलगा त्याच वर्षी हार्वर्डच्या प्रथम वर्षाच्या संघातून खेळत होता आणि त्या हंगामात तोही जखमी झाला.

आश्वासनाने परिस्थिती बदलली नाही. खेळाडूंनी नियम पाळावेत एवढाच त्या बैठकीचा आग्रह होता आणि दोष तर नियमांतच होता. २५ नोव्हेंबर रोजी न्यूयॉर्क विद्यापीठाविरुद्धच्या सामन्यात युनियन कॉलेजचा हॅरॉल्ड मूर हा खेळाडू डोक्याच्या दुखापतीने मृत्युमुखी पडला. हंगामाच्या अखेरीस 'शिकागो ट्रिब्यून'ने प्रसिद्ध केलेल्या गणनेनुसार देशभरातील मृतांची संख्या १८ च्या घरात होती आणि गंभीर जखमींची संख्या शंभराहून बरीच अधिक होती. या गणनेबाबत एक बाब लक्षात घेणे अगत्याचे आहे. मृतांत महाविद्यालयीन खेळाडू थोडे होते, बहुतेक जण शाळांतून आणि स्थानिक संघांतून खेळणारे होते. म्हणजेच मोठ्या विद्यापीठांनी घालून दिलेल्या खेळाची किंमत, प्रशिक्षक आणि वैद्यकीय साहाय्य यांपासून वंचित असलेली लहान गावांतील मुले मोजत होती.

याच हंगामाची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. ३० नोव्हेंबर १९०५ रोजी शिकागो येथे मिशिगन आणि शिकागो या विद्यापीठांचा सामना झाला. फील्डिंग योस्ट यांच्या मार्गदर्शनाखालील मिशिगनचा संघ सलग ५६ सामने अपराजित होता. ॲमोस ॲलोन्झो स्टॅग यांच्या शिकागो संघाने तो सामना २-० असा जिंकला. हे दोन गुणही मिशिगनचा खेळाडू चेंडूसह स्वतःच्याच गोलरेषेमागे पाडला गेल्यामुळे मिळाले. संपूर्ण हंगामात मिशिगनने ४९५ गुण केले आणि प्रतिपक्षांना केवळ हेच २ गुण दिले. हजारो प्रेक्षकांच्या साक्षीने झालेल्या या लढतीचे वर्णन वृत्तपत्रांनी रकानेच्या रकाने भरून केले.

एकाच आठवड्यात एका मैदानावर विद्यार्थ्याचा मृत्यू आणि दुसऱ्यावर असा उत्सव, हा १९०५ च्या हंगामाचा खरा चेहरा होय. खेळ लोकप्रिय होता म्हणूनच तो बंद करणे कठीण होते आणि तो प्राणघातक होता म्हणूनच तसाच चालू ठेवणे अशक्य झाले होते.

महाविद्यालयांचा निर्णय

मूर याच्या मृत्यूनंतर न्यूयॉर्क विद्यापीठाचे कुलपती हेन्री मॅक्रॅकन यांनी पुढाकार घेतला. सामना त्यांच्या विद्यापीठाविरुद्ध झाला होता, ही जाणीव त्यामागे होती. ८ डिसेंबर १९०५ रोजी न्यूयॉर्क येथे १३ महाविद्यालयांचे प्रतिनिधी एकत्र आले. खेळ पूर्णतः बंद करावा हा प्रस्ताव थोड्या मतांनी फेटाळला गेला. २८ डिसेंबर रोजी झालेल्या दुसऱ्या सभेस साठहून अधिक संस्थांनी प्रतिनिधी पाठविले. वेस्ट पॉइंट लष्करी अकादमीचे पामर पिअर्स हे या घडामोडीतील प्रमुख व्यक्ती होते. या सभेतून १९०६ मध्ये आंतरमहाविद्यालयीन क्रीडासंघटना स्थापन झाली. १९१० मध्ये तिने 'नॅशनल कॉलेजिएट ॲथलेटिक असोसिएशन' हे नाव धारण केले आणि आजही अमेरिकेतील महाविद्यालयीन क्रीडाक्षेत्राचे नियमन तीच करते.

तोपर्यंत नियम करण्याचा अधिकार कॅम्प आणि पूर्वेकडील मोजक्या धनाढ्य विद्यापीठांच्या समितीकडे होता. १९०६ च्या प्रारंभी जुनी आणि नवी अशा दोन्ही समित्या एकत्र आल्या. मैदान रुंद करावे, अशी एक सूचना होती. परंतु हार्वर्डने १९०३ मध्येच काँक्रीटचे भव्य स्टेडियम बांधले होते व त्यात मैदान रुंद करण्यास वाव नव्हता, असे सांगितले जाते. अखेरीस जे नियम संमत झाले त्यांतील प्रमुख असे : तीन प्रयत्नांत पाचऐवजी दहा यार्ड अंतर कापणे आवश्यक ठरले, दोन रांगांमध्ये चेंडूच्या लांबीएवढा निर्लेप पट्टा ठेवण्यात आला, सामन्याचा कालावधी ७० वरून ६० मिनिटांवर आणण्यात आला, आणि चेंडू पुढच्या दिशेने फेकण्यास काही अटींवर मुभा मिळाली.

या बदलांमागील विचार समजून घेण्यासारखा आहे. समितीने 'जोरात आदळू नका' असा उपदेश केला नाही. केवळ रेट्याने दहा यार्ड मिळणार नाहीत आणि चेंडू कोणत्याही क्षणी पुढे फेकला जाऊ शकतो, अशी स्थिती तिने निर्माण केली. बचाव करणाऱ्या संघाला आपले खेळाडू विखुरणे भाग पडले. गर्दी विरळ होण्यासाठी नीतीपेक्षा भूमितीचा आधार घेतला गेला.

नव्या नियमांचा पहिला पुरेपूर लाभ कोणा ख्यातनाम विद्यापीठाने घेतला नाही. एडी कोकम्स यांच्या मार्गदर्शनाखालील सेंट लुइस विद्यापीठाच्या संघाने ५ सप्टेंबर १९०६ रोजी कॅरोल कॉलेजविरुद्ध पुढे चेंडू फेकण्याचा पहिला वैध प्रयोग केला. ब्रॅडबरी रॉबिन्सन याने फेकलेला पहिला चेंडू कोणाच्याही हाती लागला नाही आणि तत्कालीन नियमानुसार चेंडूचा ताबा गमवावा लागला. त्याच सामन्यात नंतर जॅक श्नायडर याने त्याचा चेंडू झेलून गुण मिळविले. त्या हंगामातील सर्व ११ सामने या संघाने जिंकले. त्याचे एकूण गुण ४०७ आणि प्रतिपक्षांचे ११ झाले. वजनदार खेळाडूंवर भिस्त ठेवणाऱ्या संघांना मागे टाकून चपळता आणि अचूकता यांच्या बळावर हंगाम जिंकता येतो, हे या लहानशा विद्यापीठाने दाखवून दिले.

सर्वच संस्थांनी सुधारणेचा मार्ग स्वीकारला नाही. कोलंबिया विद्यापीठाने १९०५ च्या हंगामानंतर फुटबॉल बंद केला, तो दहा वर्षांनी पुन्हा सुरू झाला. स्टॅनफर्ड आणि कॅलिफोर्निया ही विद्यापीठे काही वर्षे रग्बीकडे वळली. सुधारणाही एका फटक्यात पूर्ण झाली नाही. १९०९ च्या हंगामात मृत्यूंची संख्या पुन्हा वाढली. हार्वर्डविरुद्धच्या सामन्यात वेस्ट पॉइंटचा यूजीन बर्न मृत्यू पावला आणि अकादमीने उर्वरित हंगाम सोडून दिला. त्यानंतर १९१० मध्ये साथीदाराला ढकलणे-ओढणे निषिद्ध झाले आणि १९१२ मध्ये प्रयत्नांची संख्या चार करण्यात आली. आज प्रचलित असलेल्या खेळाची मुख्य चौकट तेव्हा सिद्ध झाली.

हुतूतूचे नियमन : प्रेरणा आणि प्रक्रिया

महाराष्ट्रातील चित्र याहून वेगळे होते. हुतूतू हा गावोगाव खेळला जाणारा खेळ होता. मातीत ओढलेल्या रेषा, दोन गट आणि दम टिकविण्याची क्षमता एवढ्यावर तो उभा होता. बंगालमध्ये हाडुडु, तमिळ प्रदेशात चेडुगुडु अशा नावांनी त्याचेच भाईबंद खेळ प्रचलित होते. महाराष्ट्रातही तो एकविध नव्हता. बाद झालेला खेळाडू प्रतिपक्षाचा गडी बाद झाल्यावर पुन्हा आत येतो ती संजीवनी, बाद झालेला सर्व संघ बाद होईपर्यंत बाहेरच राहतो ती गामिनी आणि बाद झाला तरी मैदानातच राहतो ती अमर, असे त्याचे प्रकार होते. एका गावचा संघ दुसऱ्या गावी गेला की पहिला वाद नियमांवरून होत असे.

या वादातून लिखित नियमांची गरज निर्माण झाली. १९२१ च्या सुमारास महाराष्ट्रात संजीवनी आणि गामिनी या पद्धतींचा मेळ घालून नियमांची एक चौकट तयार झाली. १९२३ मध्ये बडोद्याच्या हिंदविजय जिमखान्याने नियम प्रसिद्ध केले व त्यांनुसार स्पर्धा भरविली. पुण्याचा डेक्कन जिमखाना, बडोद्यातील व्यायामसंस्था आणि पुढे अखिल महाराष्ट्र शारीरिक शिक्षण मंडळ यांनी देशी खेळांच्या नियमबद्धतेचे कार्य पुढे नेले. बडोद्याचे द. चिं. मुजुमदार यांचा बहुखंडी 'व्यायामज्ञानकोश' हा याच वैचारिक वातावरणाचा परिपाक होय.

विदर्भात या चळवळीचे केंद्र अमरावती होते. वैद्य बंधूंनी १९१४ मध्ये स्थापन केलेल्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने व्यायामशिक्षणाला संस्थात्मक रूप दिले. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी मंडळाच्या पथकाने तेथे भारतीय खेळांची प्रात्यक्षिके सादर केली, त्यांत कबड्डीचा समावेश होता. याच्या चारच वर्षे आधी, १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये अमेरिकन महाविद्यालयांतील खेळाडूंनी आपल्या फुटबॉलचे प्रात्यक्षिक दाखविले होते, हा योगायोग लक्षणीय आहे. आपापल्या भूमीत रुजलेले दोन खेळ जगापुढे मान्यतेसाठी उभे होते. त्यांतील एकामागे संपन्न विद्यापीठांचे बळ होते आणि दुसऱ्यामागे पारतंत्र्यातील व्यायामशाळांची जिद्द होती.

पुढील टप्पे परिचित आहेत. १९३८ मध्ये कोलकात्यातील भारतीय ऑलिंपिक स्पर्धांत कबड्डीला स्थान मिळाले. १९५० मध्ये अखिल भारतीय कबड्डी महासंघ स्थापन झाला आणि १९५२ मध्ये पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली. १९६१ मध्ये विद्यापीठांच्या क्रीडा नियंत्रण मंडळाने आंतरविद्यापीठीय स्पर्धांत कबड्डीचा समावेश केला. शंकरराव तथा बुवा साळवी यांच्यासारख्या कार्यकर्त्यांच्या परिश्रमाने खेळ आशियाभर पोहोचला आणि १९९० च्या बीजिंग आशियाई स्पर्धेत त्याने पदकांच्या खेळाचा दर्जा प्राप्त केला.

तौलनिक विवेचन

उपरोक्त दोन प्रक्रियांची तुलना तीन अंगांनी करता येते.

पहिले अंग प्रेरणेचे. अमेरिकेत नियमबदल मृत्यूमुळे झाला. महाराष्ट्रात नियमनिर्मिती एकसूत्रतेसाठी झाली आणि तिच्यामागे देशी खेळाला विलायती खेळांच्या बरोबरीने प्रतिष्ठा मिळावी ही राष्ट्रीय आकांक्षा होती. क्रिकेट आणि हॉकी यांना छापील नियम आहेत, मग हुतूतूला का नसावेत, असा तो प्रश्न होता. त्यामुळे येथील नियमांचा भर मैदानाचे मोजमाप, खेळाडूंची संख्या, बाद होण्याची रीत आणि गुणांची पद्धत यांवर पडला.

दुसरे अंग खेळाच्या अंतर्गत रचनेचे. हुतूतूत हिंसेला एक नैसर्गिक मर्यादा होती, ती म्हणजे दम. चढाई करणारा एकटा असतो आणि त्याचा श्वास संपला की चढाई संपते. झटापट कितीही तीव्र झाली तरी ती एका श्वासापुरती असते. अमेरिकन फुटबॉलमध्ये असा अंगभूत लगाम नव्हता, म्हणून तो बाहेरून घालावा लागला. मात्र दमावर विसंबून सर्व धोके टळतात असे मानणे चुकीचे ठरेल. अनेकांनी मिळून एकाची पकड करताना गुडघा, घोटा, खांदा आणि मान यांवर येणारा ताण मोठा असतो. चढाईपटूचे तोंड दाबणे, गळा आवळणे, पायांची कात्री घालून पकडणे या कृती नियमबाह्य ठरवाव्या लागल्या, यावरून तो धोका नियमकर्त्यांनीही ओळखला होता हे स्पष्ट होते.

तिसरे आणि सर्वांत महत्त्वाचे अंग कर्त्याचे. अमेरिकेत नियम करणारी, ते मोडणारी आणि त्यांचे परिणाम भोगणारी संस्था एकच होती, ती म्हणजे महाविद्यालय. विद्यार्थ्याचा मृत्यू झाला तेव्हा जबाबदारी दुसऱ्या कोणावर ढकलता आली नाही. म्हणूनच कुलपतीला सभा बोलवावी लागली. महाराष्ट्रात नियम जिमखाने, व्यायामशाळा आणि मंडळे यांनी केले. महाविद्यालयांना १९६१ नंतर ते सिद्ध स्वरूपात मिळाले. त्यामुळे महाविद्यालय हे खेळाचे यजमान झाले, विधाते झाले नाही. संघ पाठविणे, प्रवासभत्ता मंजूर करणे आणि विजयानंतर सत्कार करणे एवढ्यापुरती त्याची भूमिका मर्यादित राहिली. खेळताना विद्यार्थ्याला होणाऱ्या इजेविषयी संस्था म्हणून विचार करण्याचा प्रसंग त्याच्यावर सामूहिकरीत्या आलाच नाही.

येथे एका अप्रत्यक्ष संबंधाचा उल्लेख आवश्यक आहे. अमेरिकन फुटबॉल आपल्या महाविद्यालयांत आला नाही, परंतु त्याच्यावरील उतारे मात्र आले. मॅसॅच्युसेट्समधील स्प्रिंगफील्ड येथील वायएमसीए प्रशिक्षण संस्थेत जेम्स नाइस्मिथ हे स्टॅग यांच्या फुटबॉल संघातून खेळले होते. चेंडू घेऊन धावता येते म्हणून धावणाऱ्याला पाडावे लागते, धावण्यासच बंदी केली तर पाडण्याचे कारण उरणार नाही, या तर्कातून त्यांनी १८९१ मध्ये बास्केटबॉलची रचना केली. त्याच परंपरेतील विल्यम मॉर्गन यांनी १८९५ मध्ये व्हॉलीबॉल निर्माण केला आणि दोन संघांमध्ये जाळे बांधून शरीरस्पर्शच टाळला. स्प्रिंगफील्डमध्येच शिकलेले हॅरी क्रो बक यांनी १९२० मध्ये मद्रास येथे शारीरिक शिक्षणाचे महाविद्यालय सुरू केले आणि वायएमसीएच्या द्वारे हे दोन्ही खेळ भारतभर पसरले. आज बुलढाण्यापासून कोल्हापूरपर्यंत महाविद्यालयांच्या प्रांगणांत जी व्हॉलीबॉलची जाळी दिसते, तिच्यामागे झटापटीच्या खेळांविषयीची एक जुनी चिंता आहे.

प्रत्यक्ष अमेरिकन फुटबॉलही अलीकडे भारतात आणण्याचा प्रयत्न झाला. २०११ मध्ये घोषित झालेल्या व्यावसायिक लीगच्या २०१२ मधील पहिल्या हंगामात 'पुणे मराठाज' हा संघ विजेता ठरला. परंतु ज्या महाविद्यालयीन भूमीत हा खेळ अमेरिकेत वाढला, तशी भूमी त्याला येथे लाभली नाही.

वर्तमान संदर्भ

हा इतिहास दूरचा वाटला तरी त्यातील प्रश्न जवळचा आहे. बुलढाणा शहराजवळील देऊळघाटसारख्या गावातून महाविद्यालयात येणारा विद्यार्थी मातीच्या मैदानावर कबड्डी शिकलेला असतो. स्पर्धेत त्याला मॅटवर, विशिष्ट बूट घालून आणि तीस सेकंदांच्या चढाईच्या वेगाने खेळावे लागते. २०१४ मध्ये प्रो कबड्डी लीग सुरू झाल्यापासून या खेळाला पैसा आणि प्रसिद्धी लाभली व ग्रामीण तरुणांच्या आकांक्षा उंचावल्या, हे स्वागतार्ह आहे. परंतु आकांक्षा ज्या गतीने वाढल्या त्या गतीने सरावाच्या सुविधा लहान महाविद्यालयांत पोहोचल्या आहेत काय, हा प्रश्न विचारावा लागेल. १९०५ मध्ये मोठ्या विद्यापीठांच्या खेळाचे अनुकरण करणाऱ्या लहान गावांतील मुलांनी जास्त किंमत मोजली, हा धडा येथे आठवावासा वाटतो.

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ मध्ये क्रीडा व शारीरिक शिक्षण मंडळाची तरतूद आहे. अशा मंडळांपुढे स्पर्धांच्या वेळापत्रकाबरोबरच दुखापतींची नोंद, सामन्याच्या ठिकाणी प्रथमोपचार, खेळाडूंचा विमा आणि परतल्यानंतरचे पुनर्वसन हे विषय नियमितपणे यावयास हवेत. शारीरिक शिक्षण संचालक हा एकटा मनुष्य ही जबाबदारी पेलू शकत नाही. १९०५ मध्ये हा विषय प्रशिक्षकांच्या हातून कुलपतींच्या मेजावर गेला तेव्हाच तो मार्गी लागला.

निष्कर्ष

प्रस्तुत विवेचनातून पुढील निष्कर्ष निघतात :

१) १९०५ च्या हंगामातील मृत्यूंचे मुख्य कारण खेळाडूंच्या बेशिस्तीपेक्षा १८८२ च्या नियमातून निर्माण झालेल्या खेळाच्या रचनेत होते.
२) आवाहने आणि आश्वासने यांनी ही स्थिती बदलली नाही. ती नियमांच्या पुनर्रचनेने बदलली आणि तीही १९०६, १९१० व १९१२ अशा टप्प्यांनी.
३) हुतूतूचे नियमन एकसूत्रता आणि राष्ट्रीय प्रतिष्ठा या प्रेरणांतून, महाविद्यालयांबाहेरील संस्थांनी केले. त्यामुळे खेळ टिकला व वाढला, परंतु विद्यार्थ्याच्या सुरक्षिततेचा प्रश्न महाविद्यालयाच्या विचारविश्वात केंद्रस्थानी आला नाही.
४) ज्या संस्थेचे नाव खेळाडूच्या अंगावरील बनियनवर असते, त्या संस्थेने त्याच्या शरीराचे उत्तरदायित्वही स्वीकारले पाहिजे.

शिकागो विद्यापीठाने १९३९ मध्ये स्वतःचा फुटबॉल संघ विसर्जित केला. ज्या स्टॅग फील्डच्या प्रेक्षागाराखाली २ डिसेंबर १९४२ रोजी नियंत्रित अणुसाखळी प्रक्रिया प्रथम यशस्वी झाली, ते त्याच संघाचे मैदान होते. दुसरीकडे, २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकसाठी खेळाडूला खाली न पाडता त्याच्या कमरेची पट्टी ओढून खेळल्या जाणाऱ्या फ्लॅग फुटबॉलचा समावेश करण्याचा निर्णय २०२३ मध्ये झाला. खेळाचे रूप मानवी निर्णयांनी घडते आणि मानवी निर्णयांनीच बदलते, याची ही दोन उदाहरणे होत. म्हणून वार्षिकांकातील क्रीडा विभागाच्या अहवालात चषकांच्या यादीखाली, त्या वर्षी किती विद्यार्थी जखमी झाले आणि संस्थेने त्यांच्यासाठी काय केले, याचीही एक ओळ असणे अगत्याचे आहे.